भरतीत 'अपात्र' ठरवलं तर काय करायचं: पीडीएफमधल्या शेऱ्यापासून मॅटपर्यंत (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण)

परीक्षा झाली, मेरिटमध्ये नाव आलं, गावात पेढेही वाटून झाले आणि मग कागदपत्र पडताळणीच्या टेबलावर कोणीतरी म्हणालं की तुमची अर्हता बसत नाही. किंवा आठवड्याभराने वेबसाईटवर अपात्र उमेदवारांची पीडीएफ आली आणि शेऱ्याच्या रकान्यात एवढंच, "जाहिरातीतील अटीनुसार अपात्र". तलाठी भरती असो, झेडपीची असो, एमपीएससी असो, प्रत्येक वेळी काही पोरापोरींच्या वाट्याला हे येतं आणि बहुतेक जण पुढचे दोन-तीन आठवडे टेलिग्राम ग्रुपवर "कोणाचं असं झालंय का" विचारण्यात घालवतात. तेच दोन-तीन आठवडे सगळ्यात मोलाचे असतात, कारण तोवर नियुक्तीपत्रं निघालेली नसतात, जागा रिकामी असते आणि ऑफिसला चूक दुरुस्त करायला फारसं काही लागत नाही. एकदा दुसरा माणूस त्या खुर्चीत बसला की तोच मुद्दा तीनपट अवघड होतो.

म्हणून हे सविस्तर लिहितोय. वकिलाची जागा हे घेणार नाही, पण वकिलाकडे जाताना हातात काय असायला हवं आणि आपली केस खरंच लढण्यासारखी आहे का, हे यातून कळेल.

आधी भांडण कशाचं आहे ते ओळखा

पात्रतेची भांडणं वरवर एकसारखी दिसतात पण आतून तीन वेगळ्या जातीची असतात. पहिली, त्या तारखेला तुमच्याकडे पात्रताच नव्हती. दुसरी, पात्रता होती पण तिचा कागद नव्हता, उशिरा मिळाला किंवा फॉर्ममध्ये चुकीचा भरला गेला. तिसरी, पात्रता आहे की नाही यावरच मतभेद, म्हणजे तुमची डिग्री "समतुल्य" आहे का, तुमचा अनुभव "अनुभव" म्हणून धरायचा का, किंवा ऑफिसने मधेच अट बदलली. या तिन्हींची ताकद अगदी वेगळी आहे. पहिल्या प्रकारात कोर्टात जाणं म्हणजे बहुतेक वेळा पैसे आणि वर्षं वाया, हे मी स्पष्टच सांगतो, वाईट वाटलं तरी.

पहिल्या प्रकाराचा कायदा फार जुना आणि पक्का आहे. पात्रता कोणत्या तारखेला बघायची, तर सेवाप्रवेश नियमात (त्या पदाच्या भरतीसाठी शासनाने केलेले नियम) तारीख दिली असेल तर ती, नसेल तर जाहिरातीत दिलेली, आणि तिथेही नसेल तर अर्ज करायची शेवटची तारीख. अशोक कुमार शर्मा विरुद्ध चंदर शेखर या १९९७ च्या निकालात सुप्रीम कोर्टासमोर नेमकं हेच होतं, इंजिनिअरिंगचा निकाल अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतर पण मुलाखतीच्या आधी लागला होता, आणि कोर्टाने सांगितलं की मुलाखतीपर्यंत पास झालात हे चालणार नाही, शेवटच्या तारखेला पात्र होता का तेवढंच बघायचं. कारणही पटण्यासारखं आहे, ज्या पोरांनी निकाल लागला नाही म्हणून प्रामाणिकपणे फॉर्मच भरला नाही त्यांच्यावर अन्याय होतो. त्यामुळे शेवटच्या सेमिस्टरचा निकाल २० तारखेला लागला आणि फॉर्मची मुदत १५ ला संपली असेल, तर "पाचच दिवसांचा प्रश्न आहे हो" हा युक्तिवाद चालत नाही. मात्र एक बघा, काही जाहिरातींत शेवटच्या वर्षाच्या मुलांना पूर्वपरीक्षेला बसू देतात आणि मुख्य परीक्षेच्या अर्जाची तारीख ही अर्हतेची तारीख धरतात. तुमच्या जाहिरातीत तसं वाक्य असेल तर सगळं गणितच बदलतं.

वयाचंही तसंच. महाराष्ट्रात २०१६ पासून खुल्या प्रवर्गाला कमाल ३८ आणि मागासवर्गीयांना ४३ अशी सर्वसाधारण मर्यादा आहे, पोलिस शिपाईसारख्या पदांना वेगळी. ती एका दिवसाने ओलांडली तरी कोर्ट स्वतःहून वाढवून देत नाही. कोरोनाच्या काळात भरत्या रखडल्या तेव्हा दोन वर्षांची सूट मिळाली ती शासनाने ३ मार्च २०२३ च्या जीआरने दिली, आणि तीसुद्धा ३१ डिसेंबर २०२३ पर्यंतच्या जाहिरातींपुरती. तेव्हा वयाची लढाई मुख्यतः मंत्रालयात असते, कोर्टात नाही.

कागद राहिला, पात्रता होती

इथे खरी आशा आहे आणि इथेच लोक सगळ्यात लवकर हार मानतात.

पात्रता असणं वेगळं आणि तिचा पुरावा सादर करणं वेगळं, हा फरक सुप्रीम कोर्टाने १९८० च्या चार्ल्स स्कारिया प्रकरणापासून केलेला आहे आणि २००५ च्या डॉली छांदा निकालात पुन्हा सांगितलाय. पात्रता त्या तारखेला पाहिजेच, पण पुरावा देण्यात थोडी ढिलाई चालू शकते. डिग्रीच्या बाबतीत तर हे फार उपयोगी पडतं. निकाल मुदतीच्या आधी लागलाय, पण विद्यापीठाने पदवी प्रमाणपत्र दीक्षान्त समारंभानंतर दिलं आणि पडताळणी करणारा क्लार्क प्रमाणपत्रावरची तारीख बघून नाही म्हणतोय, असं झालं तर घाबरू नका. विद्यापीठाच्या परीक्षा विभागातून निकाल जाहीर झाल्याच्या तारखेचं पत्र घ्या, तात्पुरतं पदवी प्रमाणपत्र घ्या, मार्कशीटवर कुठे निकालाची तारीख आहे आणि कुठे छपाईची तारीख आहे ते हायलाईटर मारून दाखवा. कितीतरी प्रकरणं याच एका पत्रावर ऑफिसच्या पातळीलाच मिटू शकतात.

जातीच्या, नॉन क्रीमीलेयरच्या (मागास प्रवर्गातल्या उन्नत गटात मोडत नसल्याच्या) आणि ईडब्ल्यूएसच्या (आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटक) दाखल्यांचं मात्र सरसकट सांगता येत नाही. २०१६ मध्ये राम कुमार गिजरोया प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ओबीसी दाखला मुदतीनंतर दिला म्हणून उमेदवाराला बाहेर काढणं चूक ठरवलं, कारण माणूस जन्माने त्या प्रवर्गात असतो, दाखला फक्त ते सांगतो. हा निकाल सगळे व्हॉट्सअॅपवर फिरवतात. पण २०२३ च्या दिव्या विरुद्ध भारत सरकार या निकालात, यूपीएससीच्या २०२२ च्या नागरी सेवा परीक्षेतल्या ईडब्ल्यूएस उमेदवारांचं प्रकरण होतं, तिथे कोर्टाने सांगितलं की ठरलेल्या नमुन्यातला दाखला ठरलेल्या तारखेला हातात असणं हीच अट होती, त्यामुळे उशिरा काढलेला चालणार नाही. उत्पन्नाची स्थिती दरवर्षी बदलते, जात बदलत नाही, हा फरक डोक्यात ठेवा. नॉन क्रीमीलेयर या दोन्हींच्या मधे कुठेतरी बसतं, त्यात जातही आहे आणि उत्पन्नही. तुमच्या जाहिरातीत "अमुक आर्थिक वर्षाकरिता वैध" किंवा "अमुक दिनांकास वैध" असं नेमकं काय लिहिलंय यावर सगळं अवलंबून. तुमच्याकडे आधीचा संपलेला दाखला आणि नंतरचा नवा असे दोन्ही असतील तर दोन्ही जोडा, मधली स्थिती बदललेली नव्हती हे दाखवायला ते कामाला येतात. सेतू केंद्राची पावती, म्हणजे तुम्ही अर्ज कधी केला आणि तहसीलमधून दाखला किती दिवसांनी आला, हीसुद्धा जपून ठेवा.

महिलांसाठी एक, खुल्या महिला आरक्षणाला पूर्वी नॉन क्रीमीलेयर लागायचं, ४ मे २०२३ च्या जीआरने ती अट काढली. जुन्या जाहिरातीचं भांडण असेल तर त्या जाहिरातीच्या तारखेला कोणता जीआर चालू होता ते बघा. आणि मागास प्रवर्गातली मुलगी मेरिटवर खुल्या महिला जागेवर येऊ शकते का यावरून महाराष्ट्रात वर्षानुवर्षं वाद झाले, सौरव यादव विरुद्ध उत्तर प्रदेश या डिसेंबर २०२० च्या निकालाने ते स्पष्ट केलंय, येऊ शकते. कोणी नाही म्हणालं तर हा निकाल समोर ठेवा.

फॉर्ममधल्या टायपिंगच्या चुका हा याच जातीचा प्रकार. वशिष्ठ नारायण कुमार विरुद्ध बिहार राज्य हा जानेवारी २०२४ चा निकाल प्रत्येकाने वाचावा, शोधून वाचा, फार मोठा नाहीये. पोलिस शिपाई भरती, मुलगा सगळ्या टप्प्यांत पास, फॉर्म सायबर कॅफेतल्या माणसाने भरला आणि जन्मतारखेत १८ च्या जागी ८ पडलं. एवढ्यावरून नापास ठरवलं. सुप्रीम कोर्टाने विचारलं की या चुकीमुळे त्याला काही फायदा झाला का. दोन्ही तारखा धरल्या तरी तो वयात बसत होता, कोणाला फसवायचा हेतू नव्हता, चूक क्षुल्लक होती, आणि कोर्टाने त्याच्या बाजूने निकाल दिला. तुमची चूक अशी असेल, म्हणजे नावाचं स्पेलिंग, पासिंगचं वर्ष, टक्क्यांचा दशांश, तर स्वतःला हाच प्रश्न विचारा. मार्क किंवा आरक्षणाचा लाभ वाढवणारी चूक असेल तर मात्र कोर्ट अजिबात नरम पडत नाही. आणि लपवणं तर नकोच. पंजाब नॅशनल बँक विरुद्ध अनित कुमार दास, २०२०, शिपाई पदाला कमाल बारावी पास आणि ग्रॅज्युएट नको अशी अट होती, उमेदवाराने डिग्री असल्याचं लपवलं, नंतर उघड झालं, सुप्रीम कोर्टाने बँकेची बाजू धरली. जास्त शिकलोय म्हणजे गुन्हा केला का, हे वाटणं साहजिक आहे, पण लपवल्याबरोबर केस संपते.

अर्थ लावायचा वाद

तिसरा प्रकार सगळ्यात किचकट. पदाला डिप्लोमा मागितलाय, तुमच्याकडे बीई आहे, डिप्लोमा नाही. वरची पदवी आहे म्हणजे खालची आलीच की, असं सगळ्यांना वाटतं. केरळच्या ज्योती के. के. प्रकरणात २०१० मध्ये सुप्रीम कोर्टाने ते मानलं, पण तिथल्या नियमातच वरच्या पात्रतेला वाव दिलेला होता. २०१८ च्या जहूर अहमद राथेर प्रकरणात जम्मू-काश्मीरमध्ये आयटीआय मागितलं होतं आणि डिप्लोमावाले आले होते, तिथे नियमात तसा वाव नव्हता म्हणून कोर्टाने नाही म्हटलं, समतुल्यता ठरवणं हे नियोक्त्याचं काम आहे असं सांगितलं. म्हणजे प्रश्न "कोणती पदवी मोठी" हा नसतो, प्रश्न "सेवाप्रवेश नियमात काय शब्द आहेत" हा असतो.

आपल्याकडचं उदाहरण हवं तर महाराष्ट्र लोकसेवा आयोग विरुद्ध संदीप श्रीराम वराडे, मे २०१९. औषध प्रशासनातल्या पदांसाठी औषधांच्या उत्पादन किंवा चाचणीचा अनुभव मागितला होता आणि संशोधनाचा अनुभव त्यात धरायचा का, असा वाद होता. सुप्रीम कोर्टाने आयोगाची बाजू उचलून धरली. पदाला काय लागतं हे नेमणारा ठरवेल, जाहिरात आणि नियमांची भाषा स्पष्ट असेल तर कोर्ट त्यात हात घालणार नाही. पण याच निकालात पुढे आहे की जाहिरातीत संदिग्धता असेल किंवा ती नियमाच्या विरुद्ध असेल, तर प्रकरण योग्य त्या आदेशासह परत नेमणाऱ्याकडे जायला हवं. आयोगाचे वकील पहिला भाग वाचून दाखवतात, तुम्ही दुसरा भाग पाठ करून जा. आणि मागणी करतानाही "मला पात्र ठरवा" एवढीच करू नका, "नाहीतर नियमाप्रमाणे पुन्हा विचार करून कारणांसह आदेश द्या" हीसुद्धा करा. ही दुसरी मागणी मिळण्याची शक्यता कितीतरी जास्त असते.

आता ऑफिसने मधेच खेळाचे नियम बदलले तर? नोव्हेंबर २०२४ मध्ये तेज प्रकाश पाठक प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हा प्रश्न सोडवला. जाहिरात निघाली की भरती सुरू झाली, आणि सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मधे बदलता येत नाहीत, जोपर्यंत मूळ नियम किंवा नियमाशी सुसंगत जाहिरात तशी परवानगी देत नाही. म्हणून शुद्धिपत्रकं जपून ठेवा. वेबसाईटवरून जुनी पीडीएफ गायब होते, नवी त्याच लिंकवर येते, आणि मग मूळ अट काय होती हे सिद्ध करायला तुमच्याकडे काहीच राहत नाही. जाहिरात आली त्या दिवशीच डाउनलोड करून स्वतःला मेल करून टाका, तारीख आपोआप राहते.

पहिल्या आठवड्यात करायची कामं

सेवाप्रवेश नियम शोधा. जाहिरात नव्हे, नियम. संविधानाच्या अनुच्छेद ३०९ खाली केलेले हे नियम महाराष्ट्र शासन राजपत्रात छापलेले असतात, आणि जाहिरात व नियम यांच्यात विसंगती असेल तर नियम वरचढ, हे सुप्रीम कोर्टाने २००६ च्या मलिक मजहर सुलतान निकालात सांगितलंय. जीआरसुद्धा नियमाला डावलू शकत नाही, नियम जिथे गप्प आहे तिथली पोकळी फक्त भरू शकतो. विभागाच्या वेबसाईटवर नियम मिळाले नाहीत तर माहिती अधिकारात मागा. दहा रुपये फी, आपल्या राज्याच्या नियमाप्रमाणे अर्ज साधारण दीडशे शब्दांत आणि एकाच विषयावर, उत्तराला ३० दिवस. आणि "मला का काढलं" असं विचारू नका, माहिती अधिकारात कारण विचारता येत नाही, कागद मागता येतो. "अमुक जाहिरातीच्या कागदपत्र पडताळणीत माझ्या अर्जावर नोंदवलेले शेरे, त्यासंबंधीची टिपणी आणि अर्हतेबाबत विभागाकडून आलेल्या पत्राची छायांकित प्रत" असं लिहा. पण ३० दिवस वाट बघत बसू नका, हे समांतर चालू द्या.

दुसरं, निवेदन. फोन करून, खिडकीवर उभं राहून, ओळखीच्या माणसाला भेटून झालेलं बोलणं कोर्टात शून्य असतं. एमपीएससी किंवा निवड समिती हरकतीसाठी ठरावीक मुदत आणि ऑनलाइन सोय देते तिथे ती आधी वापरा, मुदत कधीकधी अगदी थोड्या दिवसांची असते. त्याशिवाय कागदावरही द्या, ईमेल करा, स्पीड पोस्टने पाठवा, किंवा टपाल शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. मजकूर छोटा ठेवा. साधारण असा:

"जाहिरात क्रमांक ___ अन्वये ___ पदासाठी मी अर्ज केला असून माझा बैठक क्रमांक ___ आहे. दिनांक ___ रोजी प्रसिद्ध यादीत मला 'पदवीचा दिनांक अर्ज स्वीकारण्याच्या अंतिम दिनांकानंतरचा' या कारणास्तव अपात्र दर्शविले आहे. माझा निकाल दिनांक ___ रोजी, म्हणजे अंतिम दिनांकापूर्वी जाहीर झाला आहे. विद्यापीठाचे त्याबाबतचे पत्र सोबत जोडले आहे. जाहिरातीतील परिच्छेद ___ नुसार अर्हता धारण करण्याचा दिनांक विचारात घ्यावयाचा आहे, प्रमाणपत्र निर्गमित झाल्याचा नाही. सबब माझ्या पात्रतेचा फेरविचार करून कारणांसह निर्णय कळवावा आणि तोपर्यंत सदर प्रवर्गातील एक पद रिक्त ठेवावे, ही विनंती."

शेवटचं वाक्य कधी विसरू नका. ऑफिस जागा ठेवेल असं नाही, पण तुम्ही वेळेत मागितली होती हे रेकॉर्डवर येतं आणि पुढे अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता आदेश मागताना तेच वापरता येतं. आणि कृपा करून आपली गरिबी, आईवडिलांचं आजारपण, किती वर्षं अभ्यास केला हे निवेदनात घालू नका. ते खरं असतं, मनाला लागतं, पण टिपणी लिहिणाऱ्या माणसाला नियमातला परिच्छेद दिला तर तो वर पाठवता येतो, दुःख पाठवता येत नाही.

कुठे जायचं

उत्तर आलं नाही किंवा नकार आला तर पुढचा दरवाजा कोणता हे पदावर ठरतं, आणि इथे चुकलात तर महिने जातात. राज्य शासनाचं पद असेल, म्हणजे तलाठी, पोलिस, मंत्रालय, एमपीएससीमार्फतची पदं, तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, ज्याला सगळे मॅट म्हणतात, मुंबईत आणि नागपूर व छत्रपती संभाजीनगरला खंडपीठं. जिल्हा परिषद, महापालिका, महावितरण, एसटी हे मॅटमध्ये येत नाही, तिथे थेट मुंबई हायकोर्टात रिट याचिका. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच झालंय, आता मुंबईचा हेलपाटा नाही. रेल्वे, पोस्ट आणि केंद्राची पदं असतील तर कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. सरकारी बँकांसाठी साधारणपणे हायकोर्टच. गोव्यात नोकरीच्या वादांसाठी मॅटसारखं राज्याचं वेगळं न्यायाधिकरण नाही, पर्वरीच्या हायकोर्टात जावं लागतं.

मॅटमध्ये जो अर्ज करायचा त्याला मूळ अर्ज म्हणतात, वकील लोक ओए म्हणतात. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यात अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत आहे, आणि निवेदन देऊन सहा महिने उत्तर नाही आलं तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. पण हे वाचून निवांत होऊ नका. ही मुदत केस दाखल करायची आहे, जागा वाचवायची नाही. आधी खात्यातले उपाय संपवा असं कायदा म्हणतो, पण तिथे "साधारणपणे" असा शब्द आहे, आणि नियुक्त्या पुढच्या आठवड्यात निघणार असतील तर ती निकड अर्जात स्पष्ट लिहून लगेच जाता येतं.

अर्जाला काय जोडायचं: जाहिरात आणि सगळी शुद्धिपत्रकं, सेवाप्रवेश नियम, भरलेल्या ऑनलाइन अर्जाची प्रिंट, प्रवेशपत्र, गुणवत्ता यादी, अपात्रतेची यादी किंवा पत्र, निवेदन आणि त्याची पोच, आणि पात्रतेचे मूळ कागद. तारखांचा एक तक्ता स्वतः बनवून वकिलाला द्या, एका पानावर, डावीकडे तारीख, उजवीकडे काय झालं आणि कोणत्या पानावर पुरावा. वकिलाकडे फाईलींचा ढीग असतो, हे पान त्याचं काम अर्धं करतं आणि तुमच्या केसमध्ये तारीखच तर सगळं आहे.

तुमच्या जागी कोणाची निवड झाली असेल तर त्याला प्रतिवादी करावं लागतं, निदान निवड झालेल्यांपैकी काहींना तरी. ते नसतील तर "ज्यांच्यावर परिणाम होणार त्यांना ऐकलंच नाही" म्हणून तुमचा अर्ज अडकू शकतो. त्या पोराशी तुमचं वैर नाही, हे मनात ठेवा, त्यानेही तेवढाच अभ्यास केलाय.

अंतरिम आदेशात साधारण तीन गोष्टी मागता येतात. एक, मला पुढच्या टप्प्यात तात्पुरतं बसू द्या. दोन, एक पद रिक्त ठेवा. तीन, होणाऱ्या नियुक्त्या या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहतील असं नियुक्तीपत्रात लिहा. सगळी भरतीच थांबवा ही मागणी क्वचितच मान्य होते आणि हजारो लोकांना वेठीला धरायचा विचारही करू नये, एक पद रिक्त ठेवा हे न्यायाधिकरणाला देणं सोपं जातं. यातली पहिली, तात्पुरतं बसायची सवलत मिळाली, मुलाखत झाली, मार्क चांगले पडले, तरी त्याने हक्क तयार होत नाही. कोर्टाने बसू दिलं म्हणजे पात्र मानलं असं नाही, हे घरच्यांनाही समजावून सांगा, नाहीतर पुन्हा पेढे वाटले जातात.

समोरून हमखास येणारा युक्तिवाद असा, अटी माहीत असून परीक्षा दिलीत, नापास झाल्यावर तक्रार कशी करता. मदन लाल विरुद्ध जम्मू-काश्मीर या १९९५ च्या निकालाचा दाखला देतात. त्याला उत्तर आहे, २०१९ चा मीता सहाय विरुद्ध बिहार राज्य. भाग घेतला म्हणजे निवडीची पद्धत मान्य केली, बेकायदेशीरपणा मान्य केला असं नाही. पण सगळ्यात चांगलं म्हणजे जाहिरातीतलीच अट चुकीची वाटत असेल तर परीक्षेआधी निवेदन देऊन ठेवणं, मग हा मुद्दाच उरत नाही.

दुसरा युक्तिवाद, निवड यादीत नाव आलं म्हणून नोकरीचा हक्क मिळत नाही. शंकरसन दाश, १९९१. हे बरोबर आहे, पण त्याच निकालात आहे की शासनाला मनमानी करता येत नाही, जागा न भरायच्या तर त्याला योग्य कारण लागतं.

पैशांचं थोडं. न्यायाधिकरणाची फी नाममात्र आहे, खर्च वकिलाचा. कायद्याने स्वतः बाजू मांडता येते, पण अंतरिम आदेशाच्या पहिल्या तारखेला तरी अनुभवी सेवाविषयक वकील असावा असं माझं मत. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांग यांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो, महिलांना तर उत्पन्नाची अटही नाही. मुलींना हे फारसं कोणी सांगत नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहितोय. एकसारखं कारण असलेले पाच-दहा जण असाल तर परवानगी मागून एकत्र अर्ज करा. ग्रुपवर पैसे गोळा करणारा कोण आहे, वकीलपत्रावर तुमची सही आहे का, अर्जात तुमचं नाव आहे का हे तपासल्याशिवाय एक रुपया देऊ नका. ज्याचं नाव अर्जात नाही त्याला निकालाचा फायदा मिळेलच असं नाही. आणि "आत बोलणं झालंय, दोन लाखात पात्र करून देतो" म्हणणारा भेटला तर तिथून उठा, त्यात तुमच्यावरच गुन्हा होईल आणि मग चारित्र्य पडताळणीत सगळंच संपेल.

निकालानंतर

मॅटमध्ये हरलात तर सरळ सुप्रीम कोर्टात जाता येत नाही. एल. चंद्रकुमार या १९९७ च्या निकालापासून हायकोर्टाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे रिट करावी लागते. तीही लवकर करा, उशीर झाला की पहिला प्रश्न तोच येतो. आणि जिंकलात तरी समोरची बाजू हायकोर्टात जाऊ शकते, म्हणून निकालाच्या दिवशी अभ्यास सोडू नका, दुसऱ्या भरतीचा फॉर्म भरत राहा. केस चालू आहे म्हणून पुढच्या जाहिरातीला अर्ज न करणारी मुलं असतात, आणि तेवढ्यात वय निघून जातं.

निकाल बाजूने लागला की लगेच प्रमाणित प्रत काढा, आदेशाची प्रत जोडून संबंधित विभागाला पत्र द्या, पोच घ्या. आदेशात "तीन महिन्यांत निर्णय घ्यावा" अशी मुदत असेल तर ती कॅलेंडरवर मांडा. मुदत संपून आठवडा झाला तरी हालचाल नसेल तर एक स्मरणपत्र, आणि त्यानंतरही काही नाही तर अवमान अर्ज. मॅटला त्याच १९८५ च्या कायद्याच्या कलम १७ प्रमाणे अवमानाचे अधिकार आहेत, आणि हा अर्ज एका वर्षाच्या आत करावा लागतो. त्याची नोटीस गेली की अडकलेली फाईल बऱ्याचदा हलते.